डावा कान

पाठशाला हे आसामातल्या एका गावाचं नाव आहे.
तिथली पोरं शाळेत कमी आणि तंबूत जास्त शिकतात.
आमच्या कंपनीचे अकरा ट्रक तिथूनच निघायचे,
बांबू, खुर्च्या, जनरेटर, शेजारी-शेजारी लावायचे दोन रंगमंच
(एकावर अंधार झाला की दुसऱ्यावर उजेड)
आणि कपड्यांच्या ट्रंकेवर आडवी झोपलेली जेउती.

तिची आई नीरदा राण्यांच्या साड्यांना इस्त्री करायची.
पोरीला ठेवणार कुठे?
सहाव्या वर्षी मुलगा केला तिचा,
ब्रह्मपुत्रेच्या पुरात वाहून जाणारा.
चौघं निळं कापड हलवायचे, ती त्यात बुडायची,
दर गावात तीन रात्री.
त्या मोसमात ती दोनशे आठ वेळा बुडाली, मी वहीत लिहून ठेवलंय.
बुडून आली की माझ्या पायाशी बसायची
गूळपोहे खात,
आणि कोरडेच केस गामोशाने पुसायची.

मी प्रॉम्प्टर.
डावी विंग, एक स्टूल, पुठ्ठ्याने झाकलेला दिवा.
माझा आवाज नटाला ऐकू आला नाही तर नाटक पडतं,
लोकांना ऐकू आला तर मी.

वाक्य विसरली तरी जेउती घाबरायची नाही.
मान इंचभर डावीकडे,
लांबून कुणी हाक मारल्यासारखी,
आणि थांबायची.
दोन हजार माणसं थांबायची तिच्यासोबत,
तामोल गालात तसंच धरून.
मग मी शब्द टाकायचो.
रस्त्यात पडलेलं नाणं उचलावं
इकडेतिकडे न बघता,
तसा ती उचलायची.

तेराव्या वर्षी उंची आडवी आली.
मुलगा म्हणून मोठी, नायिका म्हणून लहान.
दोन मोसम माझ्या शेजारी बसून
तिने टॉर्च धरला नुसता.
सगळ्यांची वाक्यं पाठ, बोलायला एकही नाही.

मग गुवाहाटी. तिथून फोन यायचे.
"दादा, ते म्हणतात एवढं नको,
कॅमेरा इथे आहे, शेवटच्या बांबूपाशी नाही."
पहिल्या मालिकेत ती प्रेत झाली.
"सगळ्यांना नवल वाटलं किती वेळ श्वास धरते म्हणून.
मी नाही सांगितलं त्यांना निळ्या कापडाचं."
मग नर्स, दोन वाक्यं.
मग कुणाची तरी धाकटी बहीण, दारातून आत-बाहेर करणारी.
मग हा सिनेमा.

दुपारचा खेळ, माणसं सतरा.
नीरदा मेखला नेसून आलेली, ठेवणीतली.
पडद्यावर जेउती फेरीघाटावर तिकिटं फाडत होती.
एक म्हातारा विचारतो, तुझा भाऊ परत आला का गं?
आणि तिची मान
इंचभर डावीकडे.

मी खुर्चीत पुढे सरकलो.
तोंड उघडलं.
मांडीवर वही नव्हती.
या गोष्टीतलं एकही वाक्य मला ठाऊक नव्हतं,
आणि पोर तिथे थांबलेली, घराएवढ्या चेहऱ्याने.
पुढच्या रांगेतल्या माणसाचं कुरकुरीत काहीतरी खाणं थांबलं.
नीरदाने माझं मनगट दाबलं.

तिने काहीच उचललं नाही.
तिकीट फाडलं, म्हाताऱ्यापुढे केलं,
बोट सुटली.

रात्री फोन लावला. वाक्य विसरलीस ना?
हसली. "दादा, तिथे वाक्य नव्हतंच."
मग कान कशाला दिलास?
पलीकडे ती गप्प.
मीही गप्प.
मान कुठे झुकली असेल, फोनवर कळत नाही.
किती वेळ गेला कोण जाणे,
नीरदा मागून, अगदी डाव्या कानाशी, पुटपुटली,
"जेवलीस का, विचार."

मी विचारलं.